पावणेआठचं कोवळं ऊन

आम्ही अमेरिकेत आलो तेव्हा शिकागोच्या आसपास मराठी घरं थोडी होती. शनिवारी कुणाकडे तरी जमायचं, यजमानाने भिंतीवर स्लाइड दाखवायच्या आणि मग पोटभर जेवायचं, असा रिवाज पडला होता. कुणी नायगारा दाखवायचं, कुणी ग्रँड कॅनियन. मी जर्मनीतलं एक नदीकाठचं गाव दाखवायचो. इथे येण्याआधी मी तिथल्या एका कारखान्यात नोकरी केली होती, आणि नुकतंच लग्न झालेली बायको बरोबर होती.

गाव अगदी चिमुकलं. मागे उभा डोंगर, पुढे नदी, आणि मधल्या चिंचोळ्या पट्टीत एकच लांब रस्ता. डोंगरावर द्राक्षमळे. जुन्या काळी मिठाच्या नावा इथून जायच्या. गावकरी नदीत आडवी साखळी टाकून त्या अडवायचे आणि जकात घेतल्यावरच पुढे सोडायचे. नगरपालिकेच्या कोपऱ्यावर दगडात रेघा कोरल्या होत्या, कुठल्या वर्षी पूर कुठवर चढला त्याच्या. सगळ्यात वरची रेघ माझ्या डोक्याच्याही वर होती. पुढे रेल्वे आली ती पलीकडच्या काठाने गेली. कारखानेही तिकडेच झाले आणि अलीकडचं गाव तसंच राहिलं, लाकडी चौकटींच्या घरांचं.

हे सगळं मी रंगवून सांगायचो. सगळ्यांची आवडती स्लाइड म्हणजे पलीकडच्या काठावरून घेतलेला अख्ख्या गावाचा फोटो. एका टोकाला चर्चचा मनोरा, त्यावर सोनेरी काट्यांचं घड्याळ. मी म्हणायचो, "बघा, पावणेआठ! कामावर जाताजाता टिपलाय. काय कोवळं ऊन आहे!" मित्र म्हणायचे, "आली यांची जर्मनी. आता पुऱ्या गार होणार." पण ऐकायचे. बायका स्वयंपाकघरात असायच्या. आमच्याकडे असलं की बायको कढईशी.

गेल्या थँक्सगिव्हिंगच्या सुट्टीत मुलीने त्या सगळ्या स्लाइड दुकानातून स्कॅन करून आणल्या आणि टीव्हीवर लावल्या. गावाचा तो फोटो आला आणि मी ओरडलो, "अगं, हा उलटा केलाय त्यांनी! चर्च डावीकडे हवं."

"बाबा, रिलॅक्स. दुकानातल्या माणसाने सगळं चेक केलंय."

"मी राहिलोय त्या गावात."

बायको सोफ्यावर मटार सोलत होती. मान वर न करता म्हणाली, "फोटो बरोबर आहे. तुम्ही ती स्लाइड कायम उलटी घालत होतात."

मला पटेना. मग मुलीने फोटो मोठा केला. नदीकाठच्या एका पाटीवरची अक्षरं सुलट होती आणि घड्याळात सव्वाचार वाजले होते.

"सव्वाचारला तुम्ही कुठे असायचात?" बायकोने विचारलं.

कारखान्यात असायचो. अंधारात बसने निघायचो, पुलावरून पलीकडे जायचो, अंधारातच परत यायचो. रविवारी झोपा काढायचो. कॅमेरा घरी असायचा, तिच्याजवळ.

"गाव नदीच्या दक्षिणेला आहे, असंही सांगायचात सगळ्यांना," ती म्हणाली. "दक्षिण काठावर, डोंगराच्या सावलीत द्राक्षं कशी येतील? शेवाळ येईल. उन्हाकडे तोंड असलेला उत्तरेचा काठ होता आपला."

मुलगी हसून लोळायची बाकी होती. मीही हसलो. पण मग एकेक आठवायला लागलं. मिठाच्या नावांची गोष्ट मला कुणी सांगितली? हिनेच. पुराच्या रेघा मला कुणी दाखवल्या? हिनेच, एका रविवारी ओढत नेऊन. आमची घरमालकीण एकटी म्हातारी होती. ती हिला रोज बरोबर घेऊन हिंडायची, भाजी घेताघेता भाषा शिकवायची आणि गावाच्या गोष्टी सांगायची. रात्री जेवताना ही मला त्या सांगायची. मी पुढे त्या माझ्याच म्हणून इतकी वर्षं सांगितल्या. हिचं नाव एकदाही घेतलं नाही. मुद्दाम लपवलं असं म्हणवत नाही. त्याहून वाईट म्हणजे माझ्या ते लक्षातही आलं नाही.

"तू कधी बोलली का नाहीस?"

"बोलणार होते पहिल्यांदा. पण कढई सोडून बाहेर येईपर्यंत पुढची स्लाइड लागलेली असायची."

जानेवारीत आमच्या ज्येष्ठ मंडळींची बैठक आमच्याकडे होती. मी तिला म्हटलं, या वेळी गाव तू दाखव.

"मला नाही चारचौघांत बोलता येत."

"मग कुणीच नको दाखवायला."

दोन दिवस तिने विषय काढला नाही. मला वाटलं, आता हे तसंच राहणार. मीच ते तिच्याकडून नेलं होतं आणि आता हौसेने परत करायला निघालो होतो. तिने ते घ्यायलाच हवं असं थोडंच होतं? तिसऱ्या दिवशी भांडी लावताना ती म्हणाली, "चहा तुम्ही करायचा. आणि मध्ये बोलायचं नाही."

बाहेर बर्फ होतं तरी सगळे आले. टीव्हीसमोर उभा राहून मी सांगून टाकलं की यातला एकही फोटो माझा नाही, गोष्टीही माझ्या नाहीत, आणि गाव उत्तर काठावर आहे.

"म्हणजे ते पावणेआठचं कोवळं ऊन?" एका जुन्या मित्राने विचारलं.

"दुपारचं होतं. सव्वाचारचं."

"अरे देवा! त्या उन्हावर आम्ही वर्षानुवर्षं वाहवा केली!"

हशा पिकला. मी स्वयंपाकघरात गेलो आणि आलं किसायला घेतलं. आमच्या स्वयंपाकघरात बाहेरचा शब्द न् शब्द ऐकू येतो, हे मला तेव्हा कळलं. सुरुवातीला तिचा आवाज बारीक होता. मग कुणीतरी विचारलं, "वहिनी, इतकी वर्षं का नाही सांगितलंत?"

"तुमच्या पुऱ्या कोण तळणार होतं?"

त्यानंतर तिचा आवाज मोकळा झाला. जकातीची साखळी, पुराच्या रेघा, सगळं माझ्यापेक्षा कमी शब्दांत आणि जास्त नीट सांगून झालं. मग तिने एक गोष्ट काढली जी मी कधीच ऐकली नव्हती. गावाखाली नदीत एक नाव चालायची. तिला इंजिन नव्हतं. प्रवाहाच्या वरच्या अंगाला पोलादी दोराने बांधलेली ती नाव जरा तिरकी धरली की नदीचा प्रवाहच तिला पलीकडे ढकलायचा. पलीकडून फोटो काढायला ही त्याच नावेने जायची. आणि एक दिवस म्हाताऱ्या नावाड्याने सुकाणू हिच्या हातात दिलं.

मी इंजिनीअर माणूस. त्या नावेबद्दल मला शंभर प्रश्न होते. दोर कुठे बांधला होता, पाणी चढलं की काय करायचे. गॅस बारीक करून, गाळणं हातात तसंच, मी दारापर्यंत आलो.

"अहो, चहा," ती माझ्याकडे बघून म्हणाली.

मी परत आत गेलो.