‘राखणदार’चं शेवटचं पान

मे महिन्यातल्या एका दुपारी अकोल्याहून मंदाताईचा फोन आला. "भाऊ, निलेश गेला. ऊन लागलं त्याले..." एवढंच बोलून तिनं फोन शेजारणीच्या हातात दिला. मी अमरावतीहून पोचलो तोवर सगळी तयारी झाली होती.

निलेश मंदाताईचा धाकटा भाऊ, माझा कॉलेजपासूनचा मित्र. दुकानांच्या पाट्या रंगवून तो पोट भरायचा आणि उरलेल्या वेळात ‘राखणदार’ काढायचा. ही आमची चित्रकादंबरी. चित्रं त्याची, संवाद माझे. तिचा नायक तोंडाला काळं फडकं बांधून शहरातल्या गुंडांना झोडपतो. गुन्हेगार कोण, हे त्याला कानातला एक आवाज सांगतो. कथेच्या मध्यावर तो आवाज खोटं बोलतो आणि राखणदाराच्या हातून एक निरपराध माणूस मरतो... तिथं आमचं काम अडलं.

कारण आवाज निलेशलाही ऐकू यायचे. एकदा त्या भरात त्यानं मंदाताईचा, स्वतःच्या थोरल्या बहिणीचा, हात पिरगाळून मोडला. मी भेटायला गेलो तेव्हा प्लास्टर घातलेली मंदाताई दुसऱ्या हातानं त्याला वाढत होती. म्हणाली, "थो तू नव्हता रे." निलेशनं ताटावरून मान वर केली. "मंग कोन होता?"

औषधं सुरू झाली, आवाज थांबले. पण हात थरथरायला लागला, रेघ वाकडी जाऊ लागली. मी त्याला म्हणत होतो, वेडाच्या भरात घडलं तर तो खुनी कसा, निर्दोष सोडून देऊ या राखणदाराला. "मंग त्यानं ज्यायले वाचवलं, तेबी त्याचं नाही काय?" त्यानं विचारलं. "चांगलं त्याचं आन वाईट येडेपनाचं, असं कसं जमन गा?"

या उन्हाळ्यात शेवटचं प्रकरण काढायचं म्हणून त्यानं कुणाला न सांगता गोळ्या बंद केल्या. रेघ सरळ झाली, आवाज परतले. पुढचं मला मंदाताईनं सांगितलं. डोक्यात बोलणं सुरू झालं की तो घराबाहेर पडायचा. अडवलं तर जास्तच बिथरायचा. "काहून जातं रे एवढ्या तपनात?" ती विचारायची. "तू घरात हाये म्हनून," एवढंच तो म्हणायचा. तिच्यावर पुन्हा हात उठू नये, एवढीच त्याची धडपड होती. त्या दुपारीही तसाच गेला. रेल्वेरुळाच्या कडेला तो लोकांना पडलेला दिसला.

शेवटचं पान मात्र पुरं झालं होतं. मेलेल्या माणसाच्या उंबऱ्याशी राखणदार फडकं काढून बसला आहे. दारात त्या माणसाची बायको उभी आहे. तिच्या बोलण्यापुरती जागा निलेशनं कोरी ठेवली आहे. ते वाक्य मी लिहायचं... सुचत नाही.

परवा अकोल्याला गेलो होतो. भर दुपार, मंदाताईचं दार नुसतं लोटलेलं. आत गरम झळा येत होत्या, म्हणून मी कडी लावायला गेलो.

"राहू द्या, भाऊ," ती स्वयंपाकघरातून म्हणाली. "थो आला की दार वाजवत नाही."