स्थगिती मिळाली आणि दवाखान्यातली चूल बंद पडली

मंगळवारी दुपारी उमरग्यात गटाच्या खोलीवर शेंगदाण्याची चटणी भरत होतो, तेवढ्यात वकीलसाहेबांचा फोन आला. खंडपीठानं स्थगिती दिली होती… आम्ही सगळ्या बायका अक्षरशः नाचलो.

थोडं मागचं सांगते. आमच्या भागातल्या एका सरकारी दवाखान्यात (नाव लिहीत नाही) रुग्णांच्या जेवणाचं टेंडर निघालं होतं. आमच्या बचत गटानं ते भरलं. अन्न परवान्याची प्रत अस्पष्ट आहे म्हणून आम्हाला बाद केलं, आमचं दराचं पाकीट उघडलंसुद्धा नाही, आणि काम दुसऱ्याच ठेकेदाराला दिलं… तीच प्रत माझ्या मोबाईलवर स्वच्छ वाचता येत होती.

हरकत घेतली, चकरा मारल्या, कुणी दाद दिली नाही. मग कोर्टात गेलो. निकाल लागेपर्यंत नव्या ठेकेदारानं काम सुरू करायचं नाही, असा तो आदेश होता. आम्हाला वाटलं, अर्धी लढाई जिंकलो.

गुरुवारी त्याच दवाखान्यात गेले. नणंदेची सून बाळंत झाली होती, तिला डिंकाचे लाडू द्यायचे होते. जेवणाची वेळ झालेली, पण वॉर्डात ना गाडा, ना ताटं… काहीच नाही.

शेजारच्या खाटेवरची पोरगी चहात बिस्किट बुडवून खात होती. बाळ छातीशी. लोहाऱ्याकडच्या एका वस्तीवरची, नवरा हैदराबादला कामाला, सोबत फक्त म्हातारी सासू. मी जेवणाचं विचारलं तर सासूबाई शांतपणे म्हणाल्या, "परवापासून बंद हाय, ताई. कुणीतरी कोर्टात गेलंय म्हणं. त्येंच्या घरी कुणी बाळंत होत न्हाय का?"

ते 'कुणीतरी' म्हणजे मी होते. याचिकेवर सही माझी होती.

मग नर्सबाईंकडून कळलं. जुन्या ठेकेदाराची मुदत सोमवारीच संपली होती, आणि नव्याला आमच्यामुळं मनाई. मधल्या काळात स्वयंपाक कोण करणार, हा प्रश्न आमच्या डोक्यातच आला नव्हता… वकिलांच्या नाही, दवाखान्याच्या ऑफिसच्याही नाही.

लाडूंचा डबा तिथंच दोघी बाळंतिणींत वाटून दिला आणि परत आले. गटात सगळं सांगितलं. शकुंतलाकाकू आमच्यात सगळ्यात मोठ्या, आणि टेंडरवरून सगळ्यात जास्त चिडलेल्याही त्याच. त्यांनी उठून मोठं पातेलं चुलीवर ठेवलं.

भात, वरण, शेपूची भाजी घेऊन संध्याकाळी रिक्षानं दवाखाना गाठला. आणि डॉक्टरसाहेबांनी आम्हाला दारातच थांबवलं.

"मॅडम, स्थगिती तुमच्याच याचिकेवर आहे," ते म्हणाले. "आज तुमचं जेवण आत घेतलं, तर उद्या समोरचा ठेकेदार मलाच कोर्टात उभं करील."

राग यायला हवा होता, पण आला नाही. त्यांचं खरंच होतं… आमचंच गरम जेवण आमच्याच आदेशानं फाटकाबाहेर अडलं होतं. शेवटी नातेवाईक बाहेर आले आणि ज्याचं त्यानं आपल्या डब्यात भरून नेलं.

रात्री वकीलसाहेबांना फोन केला. म्हटलं, निकाल लागेपर्यंत त्या नव्या ठेकेदारानं जेवण पुरवायला आमची हरकत नाही, असं कोर्टाला सांगा. ते थक्कच झाले. स्थगिती हीच तर आपली ताकद, ती सोडली की प्रकरण रेंगाळेल, असं समजावत राहिले.

गटातही वाद झाला. ज्यानं आमचं काम नेलं, त्याचीच चूल आपण पेटवून द्यायची? हा प्रश्न काही चुकीचा नव्हता. मग काकू बोलल्या, "केस लढू. पन बाळंतिनींना उपाशी ठिवून न्हाय."

शुक्रवारी अर्ज दिला, सोमवारी परवानगी मिळाली. दुसऱ्या दिवशी वॉर्डात जेवण सुरू झालं… त्याचं, आमचं नाही.

केस चालू आहे. आमचं पाकीट का उघडलं नाही, याचं उत्तर मी घेणारच, त्यात माघार नाही. निकाल काय लागेल, माहीत नाही.

पण त्या म्हाताऱ्या सासूबाईंचं नावसुद्धा विचारायचं राहिलं… मी कोण, हे त्यांना सांगायची हिंमत झाली नाही. आजी, तुम्ही बोललात म्हणून मला कळलं. नाहीतर मी गावभर पेढे वाटत फिरले असते.