माझा खुनी कुणी फोडला?

हसणार नसाल तर सांगतो. हसायचंच असेल तर चहा संपवा आणि घरी जा. कारण त्या प्रकरणाचा राग माझ्या डोक्यातून अजून उतरलेला नाही!

मी खुनाच्या कादंबऱ्या लिहितो, पिक्चरच्या पटकथाही लिहितो, हे तुम्हाला ठाऊक आहेच. गेल्या वर्षीच्या कादंबरीत एका आमदाराचा खून होतो आणि खुनी निघतो गुरांचा डॉक्टर. हे कळतं थेट शेवटच्या पानावर. त्या एका पानासाठी मुंबईचा निर्माता पिक्चर काढायला तयार झाला होता.

पुस्तक दुकानात आलं त्याच आठवड्यात मी नांदेडहून लातूरला निघालो. एसटीत शेजारच्या काकांच्या हातात माझंच पुस्तक! पान उघडलेलं दहावं. ओळख न देता मी विचारलं, कसं काय वाटतंय?

"बरं हाय. डॉक्टरनं मारलंय," ते म्हणाले, आणि पुस्तक पिशवीत कोंबून झोपले.

दहाव्या पानावर? लातूरला उतरून पुस्तकांच्या दुकानात गेलो, तर दुकानदारही तेच बोलला. वर निर्मात्याचा फोन, की खुनी कोण ते गावभर झालंय, आता तुमचा पिक्चर बघणार कोण? माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

निर्माता सोडला तर छापायच्या आधी ती कादंबरी एकाच माणसानं वाचली होती. माझा मेहुणा सुधाकर, लातूरजवळच्या मुरुडला शाळेत मास्तर. माझी मुद्रितं तोच तपासतो, तेही फुकट. मग घरभेदी दुसरा कोण असणार? दुकानाच्या पायरीवरूनच त्याला फोन लावला आणि तोंडाला येईल ते बोललो.

"दाजी, आईची आन, म्या बायकोला बी न्हाई सांगितलं," तो म्हणाला.

सगळे खुनी असंच म्हणतात, असं सुनावून मी फोन ठेवला. पुढं त्याच्या पोरीच्या साखरपुड्यालाही गेलो नाही. बायको एकटी जाऊन आली आणि माझ्याशी बोलेना. नाही तर नाही! मी का म्हणून नमतं घ्यायचं?

मग नांदेडच्या एका कॉलेजात माझं व्याख्यान झालं. रहस्यकथा राहिली बाजूला, मी घरभेद्यांवर घसरलो. टेबल बडवून विचारलं, लेखकाच्या पोटावर पाय देणारा हा माणूस कोण?

पुढच्या रांगेतली एक मुलगी पुस्तक घेऊन उठली. "सर, तुमीच की. सुरवातीलाच मनोगतात लिवलंय."

आणि तिनं वाचून दाखवलं, ‘देवणीच्या गुरांच्या डॉक्टरांचे मनापासून आभार. एका सुईत माणूस कसा संपवायचा हे त्यांनी समजावलं नसतं, तर माझ्या खुन्याचा हात चाललाच नसता.’

मनोगत! तेवढंच मी सुधाकरला न दाखवता परस्पर छापखान्यात दिलं होतं. म्हटलं, आभार मानायला मास्तर कशाला लागतो? स्वतःच्याच थोबाडीत मारून घ्यावीशी वाटली.

दुसऱ्या दिवशी मुरुड गाठलं, हात जोडले. सुधाकर एवढंच म्हणाला, "जेवून जावा." ते ऐकून मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

निर्माता म्हणाला, दुसऱ्या आवृत्तीत ते आभार काढा, मग बघू. काढले! आणि त्या जागी सुधाकरची जाहीर माफी मागितली. त्याला चकित करायचं म्हणून पुन्हा परस्पर छापखान्यात दिली.

पुस्तक हातात पडल्यावर त्याचा फोन आला. म्हणाला, "दाजी, डॉक्टरचं आभार काढून टाकलंत ते लई बरं झालं. पन ह्ये काय छापलंत?"

आणि माझंच वाक्य त्यानं मला वाचून दाखवलं, ‘या कादंबरीतला खुनी गुरांचा डॉक्टर आहे, ही गोष्ट माझ्या मेहुण्यानं कुणालाही सांगितलेली नव्हती.’