शिवाचा जनरेटर आणि माझा थोरला भाऊ

शिवाच्या जनरेटरनं माझा थोरला भाऊ मारला.

आज शिवा गेला. आणि मी त्याच्या मातीला जाऊन आलो.

बरेच जण विचारतायत, तुम्ही कसे काय गेलात? म्हणून लिहितोय.

दोन हजार सालानंतरची गोष्ट. जयसिंगपुरात शिवानंदचं छोटं दुकान होतं. घरोघरी छतावर टीव्हीच्या डिशच्या छत्र्या होत्या. चॅनेल दिसेनासे झाले की लोक छत्रीचा बॉक्स घेऊन शिवाकडे यायचे. तो बॉक्सला केबल लावून कॉम्प्युटरवरून नवीन सॉफ्टवेअर भरायचा.

काम सोपं, पण एक अट. भरताना मध्येच लाईट गेली की बॉक्स कायमचा बंद. पुन्हा चालू होत नाही.

आणि आपल्याकडे लाईट कधी जात नव्हती?

म्हणून शिवानं जनरेटर घेतला. त्याची वायर सरळ भिंतीतल्या प्लगमध्ये खुपसायची. सगळे दुकानदार तेच करत होते. नियम एकच, आधी मेन स्विच पाडायचा. नाहीतर जनरेटरचा करंट उलटा खांबावर जातो.

त्या दिवशी दुकानाच्या बाहेरच्या खांबावर वायर जळाली. आत बॉक्स अर्ध्यावर, यूपीएस ओरडतोय. शिवानं धावत जाऊन जनरेटर चालू केला.

मेन पाडायचा राहिला.

मग त्यानं वीज मंडळाच्या ऑफिसला फोन केला. वायरमन आला. तो माझा भाऊ, बाळासाहेब. कंत्राटी. ना हातमोजे, ना टेस्टर. कंत्राटदारानं कधी दिलेच नव्हते.

भावानं शिडी लावली आणि खालून हाक मारली.

"शिवा, जनरेटर बंद कर की रं!"

"पाच मिनिटं बाळूआण्णा! बॉक्स अर्ध्यावर हाय, मरंल!"

"तुझ्या बॉक्सच्या! मेन तरी पाडलायस न्हवं?"

"पाडलाय, पाडलाय! चढा तुम्ही."

स्क्रीनवरची नजरही न काढता शिवा हे बोलला. उठून बघितलं नाही.

पुढचं मी लिहीत नाही. ज्यांनी त्या दिवशी खांबाखाली गर्दी केली होती, त्यांना माहीत आहे.

संध्याकाळपर्यंत कंत्राटदाराची गोष्ट तयार! बाळासाहेब ड्युटीवर नव्हता म्हणे. दारू पिऊन, कुणाच्या तरी खासगी कामासाठी परस्पर चढला म्हणे.

माझ्या भावानं आयुष्यात दारूला हात लावला नव्हता. पण मेलेला माणूस सांगायला येत नाही, याची या लोकांना खात्री असते. मी राज्यभर सभांतून बोललोय, भल्याभल्यांना अंगावर घेतलंय, पण इतकं गार डोक्यानं बोललेलं खोटं मी दुसरं पाहिलं नाही.

ती गोष्ट टिकली असती, तर वहिनींना भरपाई नाही. आणि पोरांना जन्मभर दारुड्याची पोरं हे नाव.

भावाचं आणि शिवाचं ते बोलणं तिसऱ्या कुणी ऐकलं नव्हतं. कंत्राटदार शिवाच्या घरी गेला.

"तू गप बस. तुझंबी वाचतंय, आमचंबी वाचतंय."

शिवा म्हणाला, "मग बाळूआण्णाचं काय वाचतंय?"

त्याच्या आईनं पाय धरले. "शिवा, एवढंच म्हण, मेन पाडला हुता. एवढंच म्हण रं."

चौकशीत शिवा उभा राहिला आणि म्हणाला, "तक्रार मीच दिलती. ऑफिसनंच आण्णांना पाठवलं. ते शुद्धीत हुते, आधी जनरेटर बंद कर म्हणाले, मग मेनचं इचारलं त्यांनी. मी न बघता पाडलाय म्हणालो. मेन चालू हुता."

कोर्टातही हेच. शब्द बदलला नाही.

वहिनींना भरपाई मिळाली. शिवाला कळंब्याचा तुरुंग मिळाला. कंत्राटदाराला पुढचं टेंडर मिळालं! हा आपला न्याय. लक्षात ठेवा.

सुटून आल्यावर शिवानं दुकान पुन्हा उघडलं नाही. एका पिठाच्या गिरणीत कामाला लागला. बाजारात कुठं जनरेटर वाजला की आत घुसून स्वतःच्या हातानं मेन तपासायचा. पोरं हसायची, "आला मेनवाला!"

आमच्या घरी तो कधी आला नाही. माफी मागितली नाही. मी दिली नसतीच. आजही देत नाही.

पण खरं बोलण्याची पुरी किंमत मोजलेला माणूस मी समोरासमोर एकच पाहिला, आणि तो हा.

शिवा लिंगायत, त्यांच्यात पुरतात; आज खड्ड्याशी आम्ही उभे होतो. मागून वहिनी आल्या. त्यांना कुणी बोलावलं नव्हतं. लोक बाजूला झाले. त्यांनी वाकून मूठभर माती टाकली.

परत येताना मी विचारलं, "वहिनी, तुम्ही कशाला आलात?"

त्यांनी हाताची माती पदराला पुसली. मग म्हणाल्या,

"इतकी वर्सं ह्याच्यावर राग धरून जगले, भावजी. आता राग धरायला बी कोण न्हाय."

शिवानंद, माझा अखेरचा नमस्कार.