जपानी सिनेमात कुणीच रडलं नाही

मैत्रिणींनो, आज दुपारी मोठ्या जाऊबाईंसोबत एका आजच्या जपानी दिग्दर्शकाचा सिनेमा पाहिला. हा माणूस मरण दाखवत नाही, रडणंही नाही. मागे राहिलेली बायको नवऱ्याचा शर्ट धुते आणि कॅमेरा तिच्या हातांवरून हलत नाही. संगीतसुद्धा नाही.

जाऊबाई म्हणाल्या, "नवरा गेला अन् ही धुणं धूत बसली?"

मग माझ्याकडे वळून म्हणाल्या, "भावजी गेले तवा तूबी हेच केल्तं. मीच गावात सांगितलं, हिला दुःख न्हाई म्हणून."

इतकी वर्षं ते बोलणं ऐकलं, पण ते घरातूनच निघालं होतं, हे आज कळलं. ह्यांना मळका शर्ट चालत नव्हता, म्हणून मी तो धुतला होता.

जाऊबाई अजून बाहेर बसल्या आहेत. आधी भांडावं की आधी चहा द्यावा?