तिचा गरम भात

जन्मभर मिठागरावरचा मिठाचा ट्रक चालवला. भर पावसात घाट उतरताना हात कधी थरथरला नाही. आता तोच उजवा हात साधा वाटाणा उचलायला नाही म्हणतो. अर्धांगाचा झटका येऊन गेला तेव्हा सगळे म्हणाले, वाचलास, नशीब समज. समजलं नशीब. पण पुढे रोज सकाळी उठून त्याच हाताची मिनतवारी करायची, याचा किती कंटाळा येतो ते कुणी सांगितलं नव्हतं.

व्यायाम शिकवायला अलिबागहून एक मुलगी येते. वाटीतले वाटाणे चिमटीने उचलायचे आणि दुसऱ्या वाटीत टाकायचे. संपले की परत पहिल्या वाटीत. कोंबडीला निदान वेचलेला दाणा खायला तरी मिळतो. मिठागरावरचे जुने सोबती बघायला येतात, "मन घट्ट ठेव" सांगतात आणि चहा पिऊन जातात. त्यांचं काय जातं बोलायला? एकदा मी वाटी भिरकावली. बायकोने कपाटाखालून वाटाणे गोळा केले आणि वाटी परत माझ्यापुढे ठेवली. त्याचाही मला रागच आला.

जेवण तीच भरवायची. डाव्या हाताने जेवायचं नाही ही लहानपणापासूनची सवय, आणि चमच्याने मासळी काय खाणार? खाडीची बोय आणली की ती एकेक काटा काढून घास द्यायची आणि मी तोंड उघडायचो. त्या मुलीने एकदा ते पाहिलं. म्हणाली, "काकू, भरवणं बंद करा. सांडलं तर सांडू दे."

"सगळं सांडलं तर पोटात काय जाईल त्यांच्या?" बायको फणकारली. मीही तिचीच बाजू घेतली. मला आयतं बरं वाटत होतं.

मग एका दुपारी, मला भरवून झाल्यावर, पाणी मागायला काठी टेकत स्वयंपाकघराच्या दारात गेलो. ती खाली बसून एकटी जेवत होती. भात गार, कालवण थिजलेलं. हिला वाफाळता भात लागतो. लग्न झाल्यापासून मी घरी असलो की आम्ही एकदमच जेवायला बसायचो.

"गरम करून घे की," मी म्हटलं.

"कंटाळा येतो वो," ती म्हणाली.

एवढ्या वर्षांत हे मी तिच्या तोंडून ऐकलं नव्हतं. कंटाळा करण्याचं काम घरात माझ्याकडे होतं. फार वाईट वाटलं. पाणी न मागताच परत फिरलो आणि संध्याकाळी वाटाण्यांची वाटी मीच मागून घेतली.

हुरूप वगैरे काही आला नाही. बोटं एक दिवस ऐकायची, मग चार दिवस रुसून बसायची. दमून रडूही आलं. पण वाटी परत भिरकावली नाही.

परवा बोय आली. दोन्ही ताटं एकदम वाढ म्हटलं. पहिला घास मांडीवर सांडला. दुसऱ्यात काटा आला, तो माझा मीच ओढून काढला. तिचा हात सवयीने माझ्या ताटाकडे आला.

"हात काढ. जेव तू, निवतंय तुझं."

ती जेवली, भातातून वाफ येत होती तोवर. माझा निम्मा भात राहिला होता तेव्हा तिचं ताट रिकामं झालं. मी माझा गार भात सावकाश संपवला. तोवर ती खरकटा हात वाळवत समोर बसून राहिली.