पुन्हा रडायला लावलेली बाई
प्रिंटरच्या गरम कागदाचा वास आला की अमेरिकेतल्या रेडमंड गावच्या लायब्ररीतली ती पावसाळी दुपार आठवते. एका स्पॅनिश दिग्दर्शिकेचे सुरुवातीचे माहितीपट आणि नंतरचे कथापट दाखवणार होते; ती स्वतःही आली होती. चळवळीची पत्रकं वाटत वाढलेली मी. दारात आपल्या मराठी मंडळींना घरच्या प्रिंटरवर छापलेलं मराठी पत्रक देत होते: ‘माहितीपट खरे, कथापट ही पळवाट!’ दिग्दर्शिकेनं एक पत्रक उचलून शेजारच्या काकूंना अर्थ विचारला. काकू माझ्या कानाशी कुजबुजल्या, “अगं, हे हिला कसं सांगू?” “जसंच्या तसं सांगा,” मी म्हणाले. काकूंनी तिला इंग्रजीत सांगितलं. ती शांतपणे म्हणाली, “माहितीपटात आवाज नीट आला नाही, म्हणून एका विधवेला मी पुन्हा रडायला लावलं. त्यानंतर रडायला नट्या घेतल्या.”  मी उरलेली पत्रकं पिशवीत भरली. पत्रकं अजून लिहिते. ‘खरं’ टाइप करताना बोट थांबतं.